पेतुर कॉफीला बसला नाही

१

रोज सकाळी नऊला रान्वा नाचघराचं दार खांद्यानं ढकलून उघडायची, तेलाची शेगडी पेटवायची आणि हेडफोन कानांवर चढवून टेपच्या त्या धुडापुढं बसायची. एक कडवं ऐकायचं, टेप थांबवायची, कडवं वहीत उतरवायचं, की टेप पुन्हा चालू. दुपारी एकला मालान आत्या भाकरी, वाऱ्यावर वाळवलेलं मटण आणि थर्मास दाराबाहेरच्या दगडावर ठेवून जायची. चारला कुलूप. दोन महिने हेच चाललं होतं. सोळा रिळं झाली होती, सतरावं तेवढं राहिलं होतं.

ते संपलं की ती सुटणार होती. शनिवारी होडी होती आणि सोमवारी क्लाक्सविक बंदरातून ग्रीनलंडकडं जाणारं मासेमारीचं जहाज. त्याच्या स्वैपाकघरात तिला जागा मिळाली होती. चार महिने बटाटे सोलायचे, पण बेटावर नाही, एवढंच तिला हवं होतं. कोपनहेगनचं विद्यापीठ तिनं दोन वर्षांत सोडलं होतं, कारण तिथला प्राध्यापक तिच्याच गावचं कवन तिलाच म्हणून दाखवायचा, तेही चुकीच्या ठेक्यात, आणि वर तिचेच उच्चार सुधारायचा. तोंडावर तसं सांगून ती निघून आली. गावात माणसं अकरा. त्यांतली दहा साठीच्या पुढची, आणि रान्वाच्या आयुष्याचं काय करावं हे त्या दहाही जणांना रान्वापेक्षा जास्त कळत होतं.

"एवढी रिळं उतरवून दे आणि मग कुठं जायचं तिथं जा," हानुस काकानं जानेवारीत किल्ली हातात ठेवत सांगितलं होतं. काका म्हणजे तिच्या बापाचा चुलता, आणि बाप बुडाल्यापासून तिला वाढवणारा. "राजधानीतून पत्र आलंय. गावची कवनं जपायला हवीत म्हणे."

"मग टेप घरी आणते. तिथं बसून करते."

"जुनं मशीन आहे. हलवलं तर मोडेल."

मशीन आन्फिन मास्तरचं, रिळांसकट इथंच टाकून गेलेलं. पंचेचाळीस वर्षांपूर्वी हा मास्तर बेटाबेटांवर फिरून कवनं गोळा करायचा. माणूस विद्वान, पण टेपच्या बाबतीत मुलखाचा चिकट. पालुपद दर कडव्यानंतर तेच ते येतं, म्हणून तो पहिल्यांदा ते रेकॉर्ड करायचा आणि पुढं दर कडवं संपलं की बटण दाबून मशीन थांबवायचा. फेर धरलेली माणसं पालुपद गात नाचत राहायची, मास्तर बोट बटणावर ठेवून गप्प बसायचा आणि नवं कडवं सुरू झालं की पुन्हा बटण. त्यामुळं रिळावर नुसती कडवी होती. एक कडवं, टक्, की लगेच दुसरं. मधलं गाणं, मधला नाच कशातच उरला नव्हता.

गुरुवारी सकाळी तिनं सतरावं रीळ लावलं. कवन ओळखीचं नव्हतं. एक भाऊ घरातून बाहेर पडायची वाट शोधतो, एवढीच गोष्ट. आवाज तरुण होता आणि घाईत नव्हता.

*सातव्या खोलीत शिरला भाऊ, खोलीत खोली आत;*
*चाचपतो तो भिंत अंधारी, भिंत सरकते आत.*

आणि पालुपद, पहिलं आणि एकदाच, नऊ गळ्यांतून:

*हात धरा रे, हात धरा, घर अजून बाकी.*

विसाव्या कडव्याच्या आसपास तिच्या लक्षात आलं. टेप थांबवून ती लिहायला वाकली की पायाखालची फळी हलत होती. टेप चालू असताना नाही. थांबवली की हलायची. दोन ठोके डावीकडं, एक उजवीकडं. पालुपदाला लागतो तेवढाच वेळ, आणि मग शांत.

२

खाली मेंढे होते. नाचघर दगडी तळघरावर बांधलेलं, आणि हिवाळ्यात हानुस काकाचे सहा मेंढे तिथं असायचे. रान्वानं हेडफोन काढून टेबलावर आपटला, आपल्याच भित्रेपणाला एक कचकचीत शिवी दिली आणि बाहेरून वळसा घालून तळघरात उतरली.

मेंढे होते खरे. सहाच्या सहा दाराच्या बाजूच्या भिंतीला अंग घासून एकमेकांत घुसून उभे. चारा मधोमध पडला होता, छताच्या फळ्यांखाली. त्याला कुणी तोंड लावलं नव्हतं.

"काय रे, उपोषणाला बसलात काय?" ती म्हणाली. आवाज तिला वाटला होता त्यापेक्षा बारीक निघाला.

वर आल्यावर तिनं कारणं जमवली. वारा. कड्याखालच्या गुहेत शिरणारा समुद्र, त्याचा दणका गावात सगळीकडं जाणवतो. दोन महिने एकाच खुर्चीत बसून पायाला आलेल्या मुंग्या. कारणं चांगली होती. फक्त वाऱ्याला आणि समुद्राला तिनं टेप कधी थांबवली ते कसं कळत होतं, तेवढं त्यांत बसत नव्हतं.

जानेवारीत पहिल्यांदा दार उघडलं तेव्हाची गोष्ट तिला आत्ताच का आठवावी? खिडकीच्या चौकटीवर, बाकांवर, मशीनवर बोटभर धूळ होती. जमिनीवर मात्र ती कडेकडेनंच होती. मधली मोठी गोल जागा लख्ख. दाराच्या फटीतून वारा येत असेल, असं तेव्हा तिनं म्हटलं होतं आणि झाडू घेऊन उरलेलं झाडून टाकलं होतं.

तिनं टेप लावली. संध्याकाळपर्यंत एक्याऐंशी कडवी झाली, मगच ती उठली.

३

रात्रीच्या जेवणाला मालान आत्या आली होती. शेजारीच राहायची, एकटी. पण काकाच्या स्वैपाकघरात तिचा हक्क घरच्यापेक्षा जास्त होता. उकडलेले बटाटे आणि आंबूस मटण वाढता वाढता तिनं विचारलं, "किती झालं गं पोरी?"

"एक्याऐंशी कडवी. शेवट काही दिसत नाही. कोण म्हणतोय तो? आवाज बरा आहे."

मालान आत्याचा डाव हवेतच राहिला. "एक्याऐंशी कसं होईल? मास्तरचं रीळ तर चौऱ्याहत्तरलाच…"

"तुम्हाला कसं माहीत?"

"बटाटा घे," काका म्हणाला.

"काका, बटाटा नको. तुम्हाला कसं माहीत?"

काकानं चाकू ताटाच्या कडेला नीट सरळ ठेवला. त्याला ही सवय होती. काही टाळायचं असलं की वस्तू सरळ करायचा. "आम्ही त्या फेरात होतो. ही एकोणीसची होती, मी बाविशीचा. नऊजण होतो आणि पेतुर म्हणत होता."

"पेतुर कोण?"

"माझा भाऊ."

रान्वानं हे नाव घरात कधीच ऐकलं नव्हतं. भिंतीवर त्या घरातल्या झाडून सगळ्या मेलेल्यांचे फोटो होते. बुडालेल्या कुत्र्याचासुद्धा होता.

"चौऱ्याहत्तरला रीळ संपलं," मालान आत्या खाली बघत म्हणाली. "मास्तर म्हणाला, पुरे आता, अर्ध्यावर कळतंच आहे पुढं काय ते, चला कॉफी घेऊ. पाहुणा माणूस. शिकलेला. मग आम्ही हात सोडले."

भुताखेतांवर रान्वाचा विश्वास नसला तरी ती याच गावची होती. या गावात धरलेला फेर कवन संपल्याशिवाय सोडत नाहीत. पणजोबांच्या काळात पलीकडच्या घराला आग लागली, तर माणसांनी आधी उरलेली बारा कडवी पुरी केली होती आणि मग बादल्या उचलल्या होत्या. गावाबाहेरची माणसं या गोष्टीला हसतात. गावात कुणी हसत नाही.

"आणि पेतुर?"

"तो कॉफीला बसला नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे काय, बसला नाही. कॉफी इथं होती, या टेबलावर. आम्ही सगळे इकडं आलो. तो आला नाही."

"मग तुम्ही बघायला गेलात."

बाहेर वाऱ्यानं पत्र्याचा डबा गावभर फिरवला.

"समुद्रावर गेला असं चर्चच्या वहीत लिहिलंय," काका म्हणाला.

"मी वहीचं विचारत नाही. तुम्ही बघायला गेलात का?"

"बटाटा घे," मालान आत्या म्हणाली, आणि तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. रान्वाला त्याची दया आली नाही. पंचेचाळीस वर्षं झाली, आता रडून कुणाला दाखवते!

४

शुक्रवारी तिनं रीळ पहिल्यापासून लावलं. लिहायला थांबायचं नाही, नुसतं मोजायचं, असं ठरवून. चौऱ्याहत्तरावं कडवं संपलं, मास्तरचा आवाज आला, "पुरे, पुरे, चला," आणि रिळाचं टोक सुटून चाकावर फटफट आपटायला लागलं.

तिनं वही उघडली. पंचाहत्तर ते एक्याऐंशी. अक्षर तिचंच होतं. खाडाखोड नव्हती आणि शाई तीच. एक्याऐंशीव्या कडव्यात तर तिनं एक शब्द आधी चुकीचा लिहून मग ऐकून दुरुस्त करावा तसा दुरुस्तही केला होता.

*दिवा नाही, वारा नाही, वाट विचारू कोणा?*
*आल्या वाटे परत फिरला, तीच खोली पुन्हा.*

कुणाकडून ऐकून?

काल दुपारनंतरचं ती आठवत बसली. हेडफोन कानांवर होता. मशीन चालू होतं. होतं ना? चाक फिरताना दिसत होतं का? तिला आठवत होती ती फक्त वही, पेन आणि तो घाई नसलेला आवाज. आवाज कुठून येतो हे माणूस बघत नाही. हेडफोन असला की तो हेडफोनमधूनच येतो, असं धरून चालतो.

तिनं वहीची ती दोन पानं फाडली आणि शेगडीत घातली. चौऱ्याहत्तरखाली रेघ मारली. 'अपूर्ण' असं लिहिलं, तारीख टाकली, मशीनची वायर उपटली. काम संपलं. तेव्हा बाराही वाजले नव्हते.

शेगडीचं झाकण लावताना आपण पानं नीट न वाचताच जाळली आणि तरी सातही कडवी आपल्याला तोंडपाठ आहेत, हे तिच्या लक्षात आलं.

एक वाजला. बाहेर थर्मास दगडावर टेकल्याचा आवाज झाला. तिनं धावत जाऊन दार उघडलं. मालान आत्या चार पावलं मागं सरकली.

"आत या आत्या. बाहेर गारठा आहे."

"नको गं. चूल पेटती ठेवून आलेय."

"दोन महिन्यांत एकदाही उंबरा ओलांडला नाहीत. काकासुद्धा नाही. किल्लीला गंज होता, दाराला कोळिष्टकं होती. पेतुर बाहेर आला नाही, आणि तुम्ही पंचेचाळीस वर्षांत एकदा आत डोकावून बघितलं नाहीत. आणि मला रोज सात तास इथं बसवलंत. मशीन हलवलं तर मोडेल म्हणे!"

"आम्हाला वाटलं, तू नुसती लिहून घेशील," मालान आत्या पुटपुटली. "लिहून झालं की संपेल. तुझा आवाज त्याच्यासारखा आहे. लहानपणापासूनच. हानुस तर तू गायला लागलीस की उठून जायचा."

"मग आधी सांगायचं होतं."

"सांगितलं असतं तर बसली असतीस का?"

एवढं खरं बोलून ती टेकडीवरून तुरुतुरु उतरत गेली. वयाच्या मानानं फारच जोरात.

५

शनिवारी समुद्र फुगलेला होता, पण होडी आली. या बेटाला धक्का नाही. कड्यात कोरलेल्या पायऱ्या आहेत, शेवटच्या पायरीवर उभं राहायचं, लाटेबरोबर होडी वर आली की उडी. रान्वानं सहाव्या वर्षी पहिली उडी मारली होती. पिशवी तिनं आधीच टाकली होती, आणि होडीवाल्या रोईनं ती झेललीही होती.

"ये गं राणी! आज लाडात यायचं नाही हं, मला परत जायचंय!" तो ओरडला.

होडी खाली गेली. लाट मोजायची असते. तिसरी मोठी, मग उडी. थंडीनं ती पाय आपटत होती. एक लाट. दुसरी. रोईनं हात पुढं केला आणि होडी तिच्या गुडघ्यांशी येऊन थांबली, क्षणभर, जशी थांबते तशी.

ती हलली नाही.

"अगं उडी मार ना!"

तिला ऐकू येत होतं. पण तिच्या तोंडात एक ओळ होती आणि ती ओळ संपली नव्हती.

*बाहेर कोणी हाक मारते, लाटेवरती होडी;*
*ओ देण्याला वळला भाऊ, वाट राहिली थोडी.*

हे ब्याऐंशीवं. त्यानंतर पालुपद. कडवं आणि पालुपद यांच्या मध्ये थांबता येत नाही. तिनं पायांकडं बघितलं. ते थंडीनं आपटत नव्हते. दोन डावीकडं, एक उजवीकडं, ओल्या पायरीवर, एका वितीच्या जागेत.

"रान्वा! वेड लागलं काय तुला? पुढच्या लाटेला ये!"

पुढच्या लाटेला त्र्याऐंशीवं होतं. त्याच्या पुढच्या लाटेनं होडीची कड खडकावर घासली. रोईनं शिव्या घालत इंजिन मागं घेतलं, आणि होडीबरोबर तिची पिशवी, तिचं सोमवारचं जहाज आणि चार महिन्यांचे बटाटे धुक्यात गेले. पुढची होडी बुधवारी होती.

ती रडली नाही. तिला संताप आला, आणि त्या संतापानं तिला पायऱ्या चढायचं बळ दिलं. वर येईपर्यंत शहाऐंशी झाली होती.

६

"उठा," तिनं काकाच्या स्वैपाकघरात उभं राहून सांगितलं. "कोट घाला. आत्याला हाक मारा."

"होडी…"

"होडीचं नाव काढू नका. अर्ध्यावर तुम्ही सोडलंत, पुरं तुम्ही करायचं. मी म्हणते, तुम्ही फेर धरा. शेवटचं कडवं येईपर्यंत. ते आलं की बुधवारी मी जाणार, आणि तुम्ही दोघं मेलात तरी यायची नाही."

काकानं टेबलावरचा चमचा सरळ केला. मग पुन्हा सरळ केला. "आणि शेवटचं आलंच नाही तर?"

"तुम्हाला भीती वाटते."

"हो," म्हातारा म्हणाला. आयुष्यात पहिल्यांदा त्यानं तिला सरळ उत्तर दिलं असेल.

तरी ते आले. दुपारचे दोन वाजले होते, खिडक्यांतून स्वच्छ पांढरा उजेड होता. उंबऱ्यावर मालान आत्या थबकली, तेव्हा रान्वानं तिला दंडाला धरून आत ओढलं. मधल्या मोकळ्या जागेत तिघं उभी राहिली. डाव्या हाताला आत्या, उजव्या हाताला काका, आणि त्या दोघांचे हात एकमेकांत. तिघांचा फेर म्हणजे हसण्यासारखीच गोष्ट. दोन पावलं डावीकडं, एक उजवीकडं.

तिनं सत्त्याऐंशीवं सुरू केलं. कडवी येत होती. आठवावी लागत नव्हती, रचावी लागत नव्हती. तोंड उघडलं की पुढची ओळ तिथं असायची, जिन्यात पुढची पायरी असते तशी. पालुपदाला काकाचा आवाज लागला, घोगरा. आत्याचा कापरा. नव्वदनंतर दोघंही नीट गायला लागली. पंच्याण्णवला आत्याच्या गालांवर रंग आला, एकोणीस वर्षांची असताना ती कशी दिसत असेल ते क्षणभर कळलं, आणि रान्वाला वाटलं, जमतंय. भावाला लांब कुठंतरी उजेड दिसत होता. दहा-बारा कडवी. फार तर वीस.

शंभराव्याला तिचं लक्ष समोर गेलं. काका आणि आत्या यांचे हात एकमेकांत नव्हते. दोघांचेही बाहू लांब पसरलेले होते, मुठी वळलेल्या, आणि मध्ये चांगली दोन-तीन माणसांची जागा होती. त्या जागेतून समोरची खिडकी दिसत होती. दिसायला हवी त्यापेक्षा जरा लांब.

काकाचे डोळे घट्ट मिटलेले होते. आत्याचे उघडे होते, आणि ती शेजारी बघायचं टाळत होती.

"काका, थांबू नका," रान्वा म्हणाली. म्हणजे, म्हणायला गेली. तोंडातून एकशे एकावं आलं.

त्या पालुपदाला आत्याचा आवाज बंद झाला. मग काकाचा. रान्वाच्या दोन्ही हातांतली बोटं सैल झाली, हळूच, चोरासारखी, जशी झोपलेल्या मुलाच्या मुठीतून आपण आपलं बोट काढून घेतो. ती दोघं मागं सरली. काका पाय न वाजवता दाराकडं गेला, आत्यानं त्याच्या पाठीला हात लावून त्याला घाई केली. दोघांपैकी एकानंही तिच्याकडं बघितलं नाही. दार ओढून घेतल्याचा आवाज झाला. आपटलं नाही, नीट, सभ्यपणे लावून घेतलं. खिडकीतून तिला त्यांची डोकी टेकडी उतरताना दिसली. आत्या चालता चालता डोक्याचा रुमाल सारखा करत होती.

रान्वाला ओरडायचं होतं. भेकडांनो, दुसऱ्यांदा, असं. तेवढ्यात पालुपद संपलं.

खोलीत स्वच्छ उजेड होता. भिंती तिथंच होत्या, थोड्या लांब. तिचे हात मात्र खाली आले नव्हते. दोन्ही बाजूंना, खांद्याच्या खाली, फेरात असतात तसेच ते उचललेले होते. डावीकडं बघायचं नाही असं तिनं ठरवलं. उजवीकडं तिनं फक्त मनगटापर्यंत बघितलं. लोकरीच्या जाड स्वेटरची बाही होती. काकाचा स्वेटर निळा होता. हा तपकिरी होता.

कवन म्हणणाऱ्याला पुढच्या कडव्याला उशीर झाला, की शेजारचा माणूस त्याचा हात एकदा हलकेच दाबतो. रागानं नाही. इकडं तशी पद्धत आहे.

हात दाबला गेला. तो उबदार होता.

तिनं एकशे दोनावं सुरू केलं.